सोलांखालचं रोम

भिंडां पिकतात ती कुणाला विचारून पिकत नाहीत. एप्रिल सरत आला की विहिरीजवळचं झाड लाल होतं, खाली सडा पडतो, त्याला मुंग्या लागतात आणि वहिनी स्वयंपाकघरातून ओरडते, "शैला, भिंडां कुसतात गो! कोण काढतलो तीं?" भिंडां म्हणजे रातांबे, कुसतात म्हणजे कुजतात. त्यांची साल सुकवून करतात ती आमची सोलां, घाटावरची आमसुलं. यंदाही झाड लाल झालं आहे आणि वहिनी ओरडते आहे. मी ऐकू न आल्यासारखं करून आतल्या खोलीत कपाटापुढे उभी आहे. तीन वर्षं झाली, मे महिना आला की माझं हे असंच होतं.

कपाटात एक गठ्ठा आहे. सुतळीने बांधलेला, कडा वाकड्यातिकड्या झालेला, हाताला अजून चिकट लागणारा. उघडला की आंबट-खारट वास येतो. पानांवर जांभळट लाल डाग आहेत आणि डागांच्या मधूनमधून बाबांचं अक्षर. एका पानावर 'सिनेट' हा शब्द शाबूत आहे, पण सिनेटने काय केलं ते नाही. दुसऱ्यावर 'म्हणून रोमनांनी' एवढंच. म्हणून काय, ते गेलं. हे मी केलं. दुसऱ्या कुणी केलं असतं तर मी त्याला जन्मभर बोलले असते. स्वतःला तरी का सोडू?

आमचं घर गोव्यातल्या डिचोली तालुक्यातलं, पाळी या खाणीच्या गावापासून फार लांब नाही. खाणीचे ट्रक चालू असले की तुळशीपासून देवघरातल्या समईपर्यंत सगळ्यावर तांबडी धूळ, आणि बंद असले की दुकानदारापासून ट्रकवाल्यापर्यंत सगळ्यांची तोंडं उतरलेली. अशा गावात बसून माझे बाबा जवळजवळ चाळीस वर्षं प्राचीन रोमवर मराठीत पुस्तक लिहीत होते. हे वाक्य लिहिताना मला अजूनही हसू येतं, मग हसल्याची लाज वाटते. पोर्तुगीज अमदानीत ते पणजीला लिसेंवात, म्हणजे पोर्तुगीज सरकारी शाळेत शिकले, तिथे त्यांच्या डोक्यात लॅटिन भरलं गेलं. पुढे गोवा मुक्त झाला, लॅटिनचं काही करायचं उरलं नाही. ते पेडण्याला एका हायस्कुलात इतिहास शिकवायला लागले, रोज दोन बस बदलून. पण डोक्यातून रोम गेलं नाही. जिथे कुठे जुनी पुस्तकं निघत तिथून ते रोमवरची उचलून आणत. पोर्तुगीज, इंग्रजी, काहींना पुठ्ठे नाहीत, काहींना वाळवीने नकाशे काढून दिलेले. "आमच्या पेडण्या-डिचोलीच्या भुरग्यांनी रोम सदांच दुसऱ्याच्या तोंडांतल्यान कित्याक आयकुचें?" असं ते म्हणत. भुरगीं म्हणजे मुलं, कित्याक म्हणजे कशाला. भुरग्यांनी तशी काही मागणी केलेली नव्हती.

जेवायला बसलो की ताटात रोम यायचं. पाव मोडला की हा लॅटिन 'पानिस', पोर्तुगीजांच्या जहाजातून आला. मेज तिथलंच, जनेल म्हणजे खिडकी, तीही तिथलीच, ज्यात पुस्तकं ठेवायची ते आल्मारसुद्धा तिथलंच. पावसाळ्यापूर्वी घरात जी बेगमी करतात तिला आम्ही पुरुमेंत म्हणतो. मिरच्या, मीठ, सोलां, खारवलेलं नुस्तं, म्हणजे मासळी. त्या शब्दाच्या मुळाशी लॅटिनमध्ये 'पुढचं बघणं' आहे, हे बाबांनी आईला इतक्यांदा सांगितलं की एकदा ती म्हणाली, "तर मागीर तुमी पळयात फुडलें. बाजारांतल्यान मिरश्यो कोण हाडटलो?" बाबा मुकाट्याने पिशवी घेऊन मिरच्या आणायला गेले. वाटेतही त्यांच्या डोक्यात मिरीच असणार. रोमला वेढा घालणाऱ्याने सोन्यारुप्याबरोबर पोतीच्या पोती मिरी खंडणी म्हणून मागितली, आणि ती मिरी आमच्याच किनाऱ्यावरून गेलेली, हे प्रकरण त्यांचं लाडकं होतं. रोमनांनी पाणी सोडून स्पेनमधले डोंगर कसे खचवले आणि आतलं सोनं काढून उघडे माळ कसे मागे टाकले, ते प्रकरण त्यांनी आमच्या गच्चीवर बसून लिहिलं. समोर पाळीच्या बाजूचा अर्धा खाल्लेला डोंगर दिसायचा. त्यांना कल्पना करावी लागली नसावी.

मला मात्र रोमचा राग होता. सावत्र भावंडाचा असावा तसा. माझी शाळा तीच, त्यामुळे सुटका वर्गातही नव्हती. शनिवारी शेवटच्या तासाला बाबांचा 'खोटा तास' असे. ते इतिहास सांगायचे आणि त्यात तीन थापा मिसळायचे. मुलांनी हात वर करून त्या पकडायच्या. जो पकडेल त्याला खडूचा नवा तुकडा. मुलं जीव टाकायची त्या तासावर. मी खिडकीबाहेर बघत बसायची. एकदा त्यांनी मला उठवून विचारलं, "कार्थेज जिंकल्यावर रोमनांनी तिथल्या शेतांत मीठ पेरलं. खरं?" मी कंटाळून म्हटलं, "हय." हय म्हणजे हो. वर्ग हसला. बाबा हसले नाहीत. घरी येताना बसमध्ये म्हणाले, "मिठाची काणी फट, बाये. जुन्या एकाय पुस्तकांत ती ना, खूब उपरांत कोणें तरी घुसडली. पूण तुजी चूक ती न्हय. कळना जाल्यार 'ना' म्हण, 'कित्याक' म्हण, झगड. हय म्हणलें की इतिहास सोंपलो." फट म्हणजे खोटं. मी बसच्या दांड्याला धरून उभी होते आणि मला फक्त घरी जाऊन झोपायचं होतं.

आता तो बसचा दांडा हाताला लागतो. काय काय साठवून ठेवतो माणूस, आणि कुठल्या क्रमाने परत काढतो, त्याला काही धरबंध नाही.

बाबांचं विसरणं हळूहळू आलं. आधी चष्मा, मग शेजाऱ्यांची नावं, मग आई नाही हे. त्या वर्षी मी वाळपईच्या कचेरीतून लांब रजा काढली आणि घरी येऊन राहिले. दादा बोटीवर, वहिनी एकटी किती बघणार? पुस्तकाचं एकच प्रकरण राहिलं होतं, शेवटचं. रोम कसं पडलं आणि पडूनही कसं गेलं नाही, ते. डॉक्टर म्हणाले होते की अधूनमधून चांगले दिवस येतील, त्यांचा उपयोग करून घ्या. मी मनात हिशेब बांधला, भिंडांच्या दिवसांत मी त्यांच्याकडून शेवटचं प्रकरण सांगून घेणार, पावसाळ्यात सगळं स्वच्छ लिहून काढणार. दुसरी प्रत नव्हती. पुरं झाल्याशिवाय कुणाला दाखवायचं नाही, टाइप तर नाहीच नाही, हा त्यांचा हट्ट. आयुष्यात पहिल्यांदा मला त्या पुस्तकाची घाई झाली होती.

आता चूक सांगते. मास्तराच्या घरात रद्दी म्हणजे जुन्या उत्तरपत्रिका. फळ्यांवर त्याच, बरणीखाली त्याच, सोलांच्या चटईखालीही त्याच. भिंडांच्या साली मिठाच्या रसात बुडवायच्या, चटईवर वाळवायच्या, संध्याकाळी पुन्हा रसात, सकाळी पुन्हा उन्हात, असे चार-पाच दिवस पुट द्यायचे. रस चटईतून गळतो आणि फरशीवर डाग पडतो तो जन्माचा. त्या वर्षी वहिनीने गच्चीला पांढऱ्या फरशा बसवल्या होत्या. ती म्हणाली, "शैला, सकयल कागद घाल हां बरे. फरश्यो फुकट वतल्यो." सकयल म्हणजे खाली. मी आल्मारावरचे सुतळीने बांधलेले दोन गठ्ठे उतरवले. उत्तरपत्रिकांचेच कागद, वरती शाळेचा शिक्का, तीच सुतळी, तीच गाठ. सोडले आणि भराभर अंथरले, ऊन चढत होतं. बाबा लिहायला उत्तरपत्रिकांचे उरलेले कोरे कागदच वापरत हे मला लहानपणापासून ठाऊक होतं. पुस्तक पेटीत असतं हेही ठाऊक होतं. पण त्या दिवसांत ते घरातल्या वस्तू इकडच्या तिकडे करत. साबण देवघरात, चपला फ्रिजमध्ये. पुस्तक त्यांनी पेटीतून काढून आल्मारावर ठेवलं होतं. कुणापासून तरी लपवत असतील.

वरच्या पानावर एक नजर टाकली असती तर. एकच.

चौथ्या दिवशी सोलां उचलली, चटई गुंडाळली आणि खाली पाहिलं. शाईच्या पेनने लिहिलेलं होतं ते. चार दिवस मिठाचा लाल रस त्यात मुरत होता. निळं आणि लाल मिळून जांभळं झालं होतं, आणि कागद एकमेकांना धरून बसले होते. मी एक सोडवायला गेले तर तो दोन झाला. मधोमध एक शब्द तेवढा वाचता आला, 'कार्थेज'. मी तिथेच फरशीवर बसले. वहिनी वर आली, तिने पाहिलं, आणि ती बडबडी बाई माझ्याशेजारी येऊन बसली. रोममध्ये जांभळा रंग फक्त सम्राटाने वापरायचा, समुद्रातल्या गोगलगायींपासून काढायचे तो, हे मला कुणी सांगितलं होतं ते मला माहीत होतं. तो माणूस खाली खोलीत चहाची वाट बघत होता.

मी त्यांना सांगितलं. लपवायचं नाही असं ठरवून सांगितलं. ते ऐकत राहिले, मग दोन्ही हात मांडीवर ठेवून म्हणाले, "कितलीं पानां उरलीं?" मी म्हटलं, थोडी. त्यांनी मान खाली घातली आणि त्या दिवशी जेवले नाहीत. दुसऱ्या दिवशी सकाळी लिहायला बसायच्या तयारीने, हसऱ्या तोंडाने म्हणाले, "बाये, पुस्तक हाड गो. आज बरोवंया." मी पुन्हा सांगितलं. पुन्हा ते हात मांडीवर, पुन्हा "कितलीं उरलीं?", पुन्हा उपास. तिसऱ्या दिवशी तेच. चौथ्या दिवशी तेच. एकाच माणसाचं एकच पुस्तक मी चार वेळा बुडवलं, आणि दर वेळी त्यांना ते पहिल्यांदाच कळत होतं. वहिनीने मला दाराआड ओढलं. "पुरो गो आतां! तुजें मन हलकें जावचें म्हणून तांकां कित्याक मारता?" तिचं खरं होतं. पाचव्या दिवशी मी म्हटलं, पुस्तक माझ्याकडे आहे बाबा, चांगल्या अक्षरात लिहून काढतेय. ते खूश झाले आणि दोन पोळ्या जास्त जेवले.

मग मी खरंच लिहून काढायला बसले. नवी वही आणली, कात्रीने, सुईने पानं सोडवली. जे वाचता आलं ते लिहिलं, बाकीचं त्यांना विचारायचं. पण विचारलं की त्यांना सांगता येईना. "बाबा, मिरीच्या प्रकरणात पुढे काय आहे?" ते ओशाळून म्हणत, "आसा… आसा कितें तरी." त्यांचं ते ओशाळणं मला बघवत नसे. मी मागच्या पडवीत जाऊन रडायची, तोंड धुऊन परत यायची. पंधरा दिवसांत माझ्या हाताला चार पानंही लागली नाहीत. आंबे उतरले, भिंडां संपत आली, सकाळी आभाळ भरून यायचं आणि दुपारी उडून जायचं. पाऊस आला की ते खोलीतून बाहेर येत नसत, आणखी मिटत. मला दिवस दिसत होते, हातातून चाललेले.

आणि एका दुपारी मी चुकले. डागाळलेलं पान वाचत होते, एक ओळ लागेना, म्हणून अंदाजाने म्हटलं, "कार्थेजच्या सेनापतीने जहाजांतून हत्ती आणले आणि थेट रोमपुढे उतरवले." आरामखुर्चीत डोळे मिटून पडलेले बाबा ताडकन उठून बसले.

"ना गो! कोणें सांगलें तुका? हत्ती दोंगरांतल्यान हाडले ताणें, बर्फांतल्यान! थंयच तर ताचें धाडस. जहाजांतल्यान कोणूय हाडटलो!"

आणि मग पाच मिनिटं ते बोलत राहिले. वाटेत हत्ती कसे घसरले, किती माणसं थंडीने मेली, रोमनांनी त्या शत्रूकडूनच काय काय शिकून घेतलं. त्यांचं वाक्य न् वाक्य छापल्यासारखं येत होतं. मी कागद मिळेना म्हणून वर्तमानपत्राच्या कडेला लिहीत होते. विचारलेलं त्यांना आठवत नव्हतं, पण चुकलेलं सहन होत नव्हतं.

तेव्हापासून आमच्या घरात रोज खोटा तास भरू लागला. दुपारी चहा झाला की मी वही घेऊन बसायची आणि थाप मारायची. "बाबा, रोमन लोक मासळी खात नसत." "खात नाशिल्ले? माशांचें खारें करून, उन्हांत कुसोवन, जेवणाचेर घालताले! आमच्या खाऱ्याचो सखो भाव तो!" झालं, अर्धं प्रकरण. "बाबा, शिशाचे नळ वापरले म्हणून रोम पडलं." "एका कारणान पडूंक तो कितें चुलीवयलो टोप? माडूय एका वाऱ्यान पडना, बाये. मुळां आदींच कुसल्लीं आसतात." हे शेवटच्या प्रकरणाचं पहिलं वाक्य ठरलं, मी तिथेच ठरवलं. वहिनी खिडकीत सोलां निवडत ऐकायची आणि म्हणायची, "कसल्यो फटी मारता गो ही! नरकांत वतली." तिने आणलेल्या मिठाच्या पुड्यावरूनही माझी एक थाप झाली, की रोमन सैनिकांना पगार मिठात मिळे. बाबांनी तीही खोडून काढली, पुराव्यासकट.

थापा मारायलाही अभ्यास लागतो. सकाळी मी त्यांची वाळवी लागलेली पुस्तकं घेऊन बसायची, कुठे चुकायचं ते शोधायची. बारीक चूक केली तर त्यांच्या लक्षात येत नसे, फार मोठी केली तर ते थट्टा समजत. नेमकी मधली हवी. चाळिशी उलटल्यावर मी माझ्या बापाच्या वर्गात मन लावून बसले होते. इतकं सुख आणि इतकी धास्ती मला एकाच वेळी कधी झाली नव्हती. रोज संध्याकाळी पानं मोजायची, उद्या बोलतील ना म्हणून देवासमोर उभी राहायची.

मेच्या शेवटी उत्तरं आखूड होऊ लागली. आधी पाच मिनिटांची दोन झाली. मग नुसतं "ना गो", पुढचं नाही. मग ना म्हणायच्या आधी बराच वेळ. मी चुका वाढवल्या, आवाज वाढवला. एकदा त्यांचा हात धरून गदागदा हलवला, आणि त्यांनी घाबरून वहिनीकडे पाहिलं. त्या दिवशी मी वही उघडली नाही.

वहिनीने आज पुन्हा हाक मारली. ती आता चटईखाली प्लास्टिक घालते, कागद नाही, आणि त्याबद्दल कधी बोलत नाही. माझ्या वहीत त्रेसष्ट पानं भरली आहेत. पुस्तकाच्या मानाने काहीच नाहीत. बाबा त्याच पावसाळ्यात गेले, चवथीच्या आधी. लोक म्हणाले, सुटले. म्हणोत बापडे. वही पुढे का भरली नाही असं दादाने एकदा फोनवर विचारलं, तेव्हा मी बघू म्हटलं. त्याला ती दुपार मी सांगितलेली नाही.

ती जूनची सुरुवात होती. जून हे नाव रोमच्या एका देवीचं, असं वहीच्या अकराव्या पानावर आहे. ढग खाली आले होते, वहिनी शेवटची सोलां बरणीत भरत होती, थरावर मीठ, मिठावर थर. बाबा खुर्चीत बसले होते, स्वच्छ, शांत. मी त्यांच्यापुढे पाटावर बसले आणि राखून ठेवलेली थाप काढली. आयुष्यभर त्यांना सर्वांत जास्त चीड आणणारी ती.

"बाबा, कार्थेज जिंकल्यावर रोमनांनी तिथल्या शेतांत मीठ पेरलं."

त्यांनी माझ्याकडे पाहिलं.

"हय," ते म्हणाले.

मला वाटलं ऐकू आलं नसेल. पुन्हा म्हटलं. "हय." हत्ती जहाजातून आणले? "हय." रोम एका दिवसात पडलं? "हय." ते प्रत्येक वेळी मान हलवत होते, माझं मन राखायला हलवावी तशी. वहिनीचा हात बरणीतच थांबला होता. भांडा ना बाबा, मी म्हणत होते, भांडा माझ्याशी, एकदा तरी. ते हसले आणि मान हलवली.

तेव्हा माझ्याजवळ एकच थाप उरली होती. ती मी त्यांच्या गुडघ्यावर हात ठेवून हळू आवाजात सांगितली, आणि सांगताना देवाजवळ एवढंच मागितलं की ही तरी त्यांनी पकडावी.

"बाबा, तुमचं पुस्तक पुरं झालं. सगळं. एकसुद्धा पान गेलं नाही."

बाबांनी बराच वेळ माझ्या तोंडाकडे पाहिलं.

"हय," ते म्हणाले.